तासावरच्या मॅडम

मॅडमचा राग मी पहिल्यांदा पाहिला तो कॅल्शियम क्लोराइडच्या बरणीपायी. बुलढाण्याच्या घाटाखालच्या त्या कॉलेजात मी केमिस्ट्री शिकवायला नुकतीच लागले होते. कॉलेजचं नाव सांगत नाही. सांगितलं तर आमच्याकडे असं काही झालंच नाही म्हणून भांडायला लोक येतील, आणि भांडायची माझी तयारी असली तरी त्यांच्याशी नाही.

प्रयोगशाळेत एकटीच परीक्षानळ्या पुसत उभी होते. दार ढकलून एक बाई आत आल्या. खांद्याला रेक्झिनची पिशवी, हातात पुरुषांची काळी छत्री. बाहेर ऑक्टोबरचं ऊन रणरणत होतं. त्यांनी माझ्याकडे न बघताच कपाट उघडलं आणि बरण्या इकडच्या तिकडे करायला सुरुवात केली.

"कॅल्शियम क्लोराइड कुठं ठेवलं?"

"तुम्ही कोण?"

"फिजिक्स. तू नवीन का? कायम का तासावर?"

"तासावर."

"मंग बस ना. उभी कायले राह्यली? उभं राह्यचे पैसे नाही भेटत आपल्याले."

आणि माझी बरणी घेऊन त्या निघून गेल्या. न विचारता. मी मागोमाग गेले ते बरणी परत आणायला, आणि पूर्ण तास मागच्या बाकावर बसून राहिले. त्यांनी खिडक्यांना जुनी सतरंजी लावून वर्ग अंधारा केला होता. बर्नरच्या ज्योतीत त्या चिमूट चिमूट पावडर टाकत होत्या. ज्योत विटकरी लाल व्हायची, आणि एकेक पोरगा बारीक रेघांची ग्रेटिंगची काच डोळ्याला लावून त्या रंगाचे सुटे सुटे पट्टे पाहत होता.

"पाह्य बे नीट. कॅल्शियम इथं जळो का वर ताऱ्यात राहो, त्याच्या खुणा ठरलेल्या. तो दुसऱ्याच्या खुणा दाखवत नाही. माणसासारखा नाही तो."

शेवटचं वाक्य कोणाला उद्देशून होतं ते मला तेव्हा कळलं नाही. पुढे कळलं.

तासावर म्हणजे तासिका तत्त्वावर. शिकवलेल्या तासापुरते तुम्ही प्राध्यापक. परीक्षा सुरू झाल्या की घरी, दिवाळीत घरी, उन्हाळ्यात घरी. जून आला की पुन्हा अर्ज, पुन्हा संस्थेच्या अध्यक्षांच्या ओट्यावर हात बांधून उभं राहणं, पुन्हा "बघू". मॅडम असं करता करता पन्नाशीला टेकल्या होत्या. त्यांच्याकडे शिकून गेलेल्यांची मुलं आता त्यांच्याकडे शिकत होती. स्टाफरूममध्ये कायमच्यांना खुर्च्या होत्या, आम्हाला भिंतीकडेचं बाकडं. मॅडम बाकड्यावरही बसत नसत. खिडकीशी उभ्या राहून ज्वारी-उडदाच्या कळण्याची भाकर आणि ठेचा खायच्या, अर्धी भाकर मोडून माझ्या हातात कोंबायच्या आणि मी सावकाश खाते म्हणून चिडायच्या.

त्या रोज धामणगाव बढ्याहून काळीपिवळी जीपने यायच्या. मी पिंपळगाव राजाची, मला बस सोयीची. त्यांच्या गाडीचा ड्रायव्हर मला एकदा म्हणाला, "तुमच्या मॅडमले पुढची सीट देतो मी. मागं बसल्या तर सारी गाडी भांडणावर येते." त्यांचं भांडण गाण्याच्या आवाजावरून असायचं, पेपरातल्या राशिभविष्यावरून असायचं, कोणी बुधवारचा प्रवास अशुभ म्हणून मूर्तिजापूरच्या मावशीच्या तेराव्यालाही गेलो नाही म्हणालं तर त्यावरून असायचं. पेपरातलं राशिभविष्याचं पान त्या फाडून घ्यायच्या आणि फळा पुसायला वापरायच्या.

पण खरा राग राखून ठेवलेला होता तो विश्वाविषयी चुकीचं बोलणाऱ्यांसाठी. ऐकायला विचित्र वाटेल. घरात पाणी येत नाही, रस्त्याला खड्डे आहेत, सहा महिन्यांचा पगार अडकलाय, या सगळ्यावर त्या चिडत. पण ते आपल्यासारखंच, वरवर. कोणी म्हणालं, "मॅडम, विश्व म्हणे पसरतंय, म्हणजे तारे आपल्यापासून पळून राह्यले ना?" की त्यांच्या मानेची शीर उठायची.

"पळून नाही राह्यले! कोण पळून राह्यलं? कोणाच्या बापाचं काय खाल्लं त्यायनं, पळाले?"

आकाश बघायची त्यांना हौस होती असं कोणी समजू नये. मी एकदा विचारलं, "मॅडम, तुम्ही कधी दुर्बिणीतून पाहिलंय का?"

"नाही."

"इच्छा नाही होत?"

"कायची इच्छा? मी आठ वाजता झोपते. वर पाहून कविता होते, वं. समजाले डोकं खाली घालून बसा लागते."

आणखी एक खोड होती. त्या शास्त्रज्ञांची नावं सांगत नसत. वर्गात कोणी पुस्तकातलं नाव घेतलं तर म्हणायच्या, "नाव बाजूले ठेव. त्यानं केलं काय ते सांग." त्यांचं म्हणणं असं, की पोरगा नाव पाठ करतो आणि त्याला वाटतं आपल्याला समजलं. म्हणून त्यांच्या वर्गात सगळे शास्त्रज्ञ टोपणनावांनी वावरायचे. एक वकील होता, कारण तो कायदा शिकून मग दुर्बिणीकडे वळला. एक पाद्री होता. एक खुंटेवाला होता. आणि एक होती ती बाई. तिला टोपणनाव नव्हतं. नुसतं "ती बाई".

तिची गोष्ट त्या दर वर्षी सांगायच्या. दर वर्षी तितक्याच चिडून.

"दूर कंदील दिसून राह्यला. तो मोठा हाय आन दूर हाय, का लहान हाय आन जवळ हाय? कसं ओळखान? सांगा."

मग फळ्यावर एक मोठा आणि एक बारका कंदील काढायच्या.

"नाही ओळखता येत. हजारो वर्षं कोणाले नाही आलं. तारा किती दूर, कोणाले मालूम नाही. मंग एका वेधशाळेत त्यायनं बाया ठेवल्या. मोजणी कराले. दुर्बिणीले हात लावाचा नाही, तिथं माणसं. बायायनं खाली टेबलावर बसाचं आन काचेवर उतरवलेल्या फोटोतले ठिपके मोजाचे. तासावर."

'तासावर' म्हणताना त्या खडू फळ्यावर आपटायच्या.

"त्यातल्या या बाईले ऐकू कमी ये. पण तिच्या ध्यानात आलं, का काही तारे धडधडतात. उजळतात, मंद होतात, पुन्हा उजळतात. आन ज्याची धडधड सावकाश, तो खरा मोठा दिवा. धडधड मोजली का दिवा किती मोठा ते समजलं. मोठा समजला, आन दिसते किती बारीक ते पाह्यलं, का दूर किती ते निघालं. मोजपट्टी भेटली ना बे साऱ्या आकाशाची! मंग तो वकील आला. त्यानं एका धुरकट ढगात तसाच तारा हुडकला, तिच्या पट्टीनं मोजला, आन तो निघाला आपल्या आकाशगंगेच्या पार बाहेर. तो ढग नव्हताच. दुसरी आकाशगंगा होती ती. एका दिवसात दुनिया एवढीची एवढाली झाली. नाव कोणाचं झालं?"

"वकिलाचं," पोरं एका सुरात म्हणायची. त्यांना पाठ झालं होतं.

एका वर्षी पहिल्या बाकावरची एक मुलगी, बोलकी होती फार, म्हणून गेली, "मॅडम, म्हणजे ती तुमच्यासारखीच ना? तासावर."

खडू तिच्या कानाजवळून गेला आणि मागच्या भिंतीवर फुटला.

"माहं नाव नको घेऊ तिच्या संग. तिनं आकाश मोजलं. मी फळा पुसते." मग जरा थांबून, तितक्याच रागाने: "उठ. बाहेर जा. आन पाणी पिऊन परत ये."

ती मुलगी पाणी पिऊन परत आली. मॅडमनी उरलेला तास तिच्याकडे पाहिलं नाही, पण गोष्ट मात्र पुन्हा पहिल्यापासून सांगितली, यावेळी सावकाश.

मोटरसायकलचा किस्सा अजून कॉलेजात सांगतात, फक्त आता तो हसण्यावारी सांगतात. मॅडमनी बारावीच्या एका दांडग्या पोराला त्याची गाडी काढायला लावली. रस्त्याच्या टोकापासून हॉर्न दाबून धरून वेगात फाटकासमोरून जायचं, थांबायचं नाही. वर्ग फाटकाशी ओळीने उभा. पोरगा भन्नाट गेला. येताना आवाज बारीक, जाताना जाड.

"ऐकलं का? पुन्हा!"

पोरगा पुन्हा गेला. शेजारच्या मक्याच्या शेतातली माणसं बांधावर येऊन उभी राहिली. तिसऱ्या खेपेला प्राचार्य धावत आले.

"मॅडम, हे काय चाललंय? वर तास सुरू आहेत!"

"सर, या. इथं उभे राहा. जाताना आवाज जाड होते का नाही ते सांगा."

"मला लेखी खुलासा पाहिजे."

"खुलासाच देऊन राह्यली मी. ऐका तर! दूर जाणाऱ्याचा आवाज जाड होते, तसा दूर जाणाऱ्याचा प्रकाश लालकडे सरकते. एका माणसानं वर्षानुवर्षं त्या आकाशगंगांचा प्रकाश पसरून पाह्यला. त्या ओळखीच्या खुणा, कॅल्शियमच्या, साऱ्या लालकडे सरकलेल्या. जवळपास साऱ्यायच्याच! एखादी इकडं, एखादी तिकडं असती तर समजलं असतं. साऱ्या दूर काऊन जाऊन राह्यल्या? याचा खुलासा त्यालेही नाही सापडला, सर."

प्राचार्यांनी तिथल्या तिथे मेमो दिला. मॅडमनी तो पिशवीत टाकला आणि पोरांकडे वळून म्हणाल्या, "आन ही अर्धी गोष्ट हाय. हॉर्नवर विश्वास ठेवू नका. गाडी खरीच पळते. आकाशगंगा पळत नाही. बाकीची उद्या."

मग फिजिक्सची कायम जागा निघाली. इतक्या वर्षांनी. जाहिरात आली त्या दिवशी मॅडम चक्क स्टाफरूमच्या बाकड्यावर बसल्या.

मुलाखतीच्या दिवशी मी व्हरांड्यात होते. उकाड्यामुळे दार उघडं होतं, त्यामुळे मॅडमची मुलाखत मी शब्दन् शब्द ऐकली. पुण्याहून एक तज्ज्ञ आले होते. स्वच्छ, हसतमुख गृहस्थ.

"विश्व प्रसरण पावतंय म्हणता मॅडम. मग पुणं आणि बुलढाणा एकमेकांपासून लांब का जात नाहीत?"

समितीतले सगळे हसले. अध्यक्ष जरा जास्तच.

"लांब तर जाऊन राह्यले सर," मॅडम म्हणाल्या. "पण त्यात विश्वाचा काही दोष नाही."

हसणं थांबलं. मॅडमनी लगेच खरं उत्तर दिलं. ज्या वस्तू एकमेकींना धरून आहेत, दगड, पृथ्वी, सूर्यमाला, आपली आख्खी आकाशगंगा, त्यांच्यात हे वाढणं दिसत नाही. आकाशगंगांचे जे घोळके एकमेकांपासून फार दूर आहेत, त्यांच्या मधली जागा वाढते. मग तज्ज्ञांनी विचारलं, की आधी सगळे विश्व स्थिर आहे असं का धरून चालत होते.

"कारण तसं बरं वाटते सर. सर्वांत हुशार माणूस होता त्या काळचा. त्याच्या स्वतःच्या समीकरणातून निघून राह्यलं होतं, का हे विश्व स्थिर राहूच शकत नाही. तर त्यानं विश्व हलू नये म्हणून समीकरणात एक खुंटा ठोकला. मंग एक पाद्री आला, गणितवाला. तो म्हणे, विश्व वाढून राह्यलं. त्याले या खुंटेवाल्यानं झिडकारलं. पण पुढं मोजणी समोर आली, आकाशगंगा जितकी दूर तितकी वेगात, आन मंग खुंटेवाल्यानं स्वतः खुंटा काढला. चुकलो म्हणाला. मोठ्या माणसाले हे जमलं सर. लहान माणसायले नाही जमत."

अध्यक्षांची खुर्ची करकरली.

"उत्तर उत्तम," तज्ज्ञ म्हणाले. "पण वर्गातसुद्धा असंच, 'वाढून राह्यलं' वगैरे म्हणता? विज्ञानाला एक प्रमाण भाषा असते, मॅडम."

"सर, मी 'वाढत आहे' म्हटलं तर ते जास्त वाढते का?"

त्यानंतर अध्यक्षांच्या जावयाची मुलाखत झाली. त्यांना काय विचारलं ते मला सांगता येणार नाही, कारण त्या वेळी दार लावून घेतलं. पंखा तोच होता, ऊन तेच होतं.

जावईबापू लागले. त्यांना सगळे तोंडावर 'सर' आणि मागे 'जावईबापू' म्हणत. माणूस वाईट नव्हता, हे मला मुद्दाम सांगायचंय, कारण त्याचाच मला जास्त राग येतो. गोड बोलायचे. सगळ्यांना पेढे दिले, मॅडमच्या पाया पडले. आणि दुसऱ्या आठवड्यात प्राचार्यांनी मॅडमना बोलावून सांगितलं, की सर संस्थेच्या कामात असतात, त्यांचे तास तुम्हीच घ्या. भिंतीवरच्या टाइमटेबलात फिजिक्सच्या प्रत्येक चौकटीत जावईबापूंचं नाव होतं. शिकवायच्या मॅडम.

मी त्यांच्याशी भांडले. फाटकाशी, सगळ्यांसमोर.

"तुम्ही कशाला घेता त्यांचे तास? द्या सोडून! बघू दे पोरांना काय ते!"

"पोरायनं काय केलं?"

"पोरांनी काही केलं नाही. पण तुम्ही घेता म्हणून हे चालतं मॅडम. तुमच्यामुळे चालतं!"

त्यांनी छत्री माझ्यावर उगारली. खरंच उगारली. "तू मले नको शिकवू! प्रकाशाचा पाठ अर्ध्यावर हाय माहा. तो तुह्या तत्त्वासाठी अर्धा सोडू का?"

दोन दिवस आम्ही बोललो नाही. तिसऱ्या दिवशी अर्धी भाकर माझ्या हातात आली.

मग तपासणी समिती यायची ठरली. भिंती रंगल्या, संडासांना कड्या लागल्या. आम्हा तासावरच्यांना त्या दिवशी सुट्टी घ्यायला सांगितलं, कारण कागदावर सगळ्या जागा भरलेल्या होत्या आणि आम्ही कागदावर नव्हतो. समिती एक वर्ग बसून बघणार होती. प्राचार्यांनी फिजिक्स निवडलं, पोरांमध्ये त्याच तासाची चर्चा असते म्हणून. शिकवणार जावईबापू. मॅडमनी आदल्या दिवशी त्यांना पूर्ण पाठ समजावून दिला. सकाळी लवकर येऊन सामान मांडायचं आणि समिती यायच्या आत निघून जायचं, असा त्यांना हुकूम होता.

सामान म्हणजे काय, तर सायकलची एक जुनी ट्यूब. कापून सरळ केलेली, एक टोक फळ्याशेजारच्या खिळ्याला बांधलेलं, अंगावर खडूने सारख्या अंतरावर फुल्या. मॅडमनी ती मांडली. पण गेल्या नाहीत. मीही सुट्टी घेतली नव्हती. आम्ही दोघी मागच्या दाराबाहेर उभ्या होतो.

जावईबापू नवा सदरा घालून उभे राहिले. समोर समिती, प्रमुख म्हणून एक वयस्कर बाई. सुरुवात बरी झाली. मग ते म्हणाले, "फार पूर्वी अवकाशात एका ठिकाणी प्रचंड स्फोट झाला, आणि त्याचे तुकडे चारी दिशांना उडाले. ते अजून उडत आहेत." आणि त्यांनी फळ्याच्या मधोमध एक ठिपका काढला. "हा विश्वाचा मध्य."

मॅडमचा श्वास मला ऐकू आला.

ट्यूबचं काय करायचं ते जावईबापूंना आठवेना. त्यांनी ती खिळ्यावरून सोडली आणि मेलेला साप धरावा तशी हातात धरून उभे राहिले.

"खोटं हाय ते," मॅडम म्हणाल्या. दारातून, मोठ्याने.

सगळे वळले. मॅडम सरळ पुढे गेल्या आणि त्यांच्या हातून ट्यूब घेतली.

"आपण कोण?" समितीच्या बाईंनी विचारलं.

जागा सगळ्या भरलेल्या होत्या. प्राचार्यांनी रुमालाने कपाळ पुसलं. मग ते हसले, आणि समितीच्या बाईंना म्हणाले, "मॅडम, ह्या पालक आहेत. आमच्याकडे पालकांचा फार सहभाग असतो."

मला वाटलं, आता स्फोट होणार तो इथे. मॅडम प्राचार्यांकडे वळल्या. मग हात पुढे केला.

"पालक तर पालक. खडू द्या."

त्यांनी ट्यूबचं एक टोक खिळ्याला अडकवलं आणि दुसरं पहिल्या बाकावरच्या पोराच्या हातात दिलं. "वढ. हळू." ट्यूब ताणली. "या जवळच्या फुलीले पाह्य. किती सरकली? बोटभर. आन ही शेवटची? वीतभर. तेवढ्याच वेळात. म्हणजे दूरची जास्त वेगात गेली. हेच त्या वकिलाले दिसलं. पण फुली चालली का? तिले पाय हायेत का? ती आपल्या जाग्यावरच चिकटेल हाय. मधातला रबर वाढला."

मग एका मुलीला मधल्या फुलीवर बोट ठेवायला लावलं. "तू आता इथं राहते. बाकीच्या तुले कशा दिसतात?"

"साऱ्या माझ्यापासून दूर जातात."

"आता त्या टोकाच्या फुलीवर जा."

"इथूनपण साऱ्या दूरच जातात, मॅडम."

"मंग मध्य कुठं हाय?"

मुलीने पुन्हा दोन्ही फुल्यांवर बोट ठेवून पाहिलं. मग म्हणाली, "कुठंच नाही."

"हां! कुठंच नाही!" मॅडमनी फळ्यावरचा तो ठिपका तळव्याने पुसला. "स्फोट एका जाग्यावर नाही झाला, कारण जागाच नव्हती बाहेर. जागाच वाढून राह्यली. सारीकडं. अमेरिका मध्य नाही, पुणं मध्य नाही, अध्यक्षसाहेबायचं घर मध्य नाही." मग त्यांनी सैल ट्यूबवर खडूने नागमोडी लाट काढली आणि ताणली. लाट लांब झाली. "प्रकाश वाटेत असताना रबर वाढला, म्हणून लाट लांबली, म्हणून लाल झाली. हॉर्नची अर्धी गोष्ट मी म्हणलं होतं ना? ही बाकीची."

घंटा झाली तरी कोणी उठलं नाही. समितीच्या बाईंनी स्वतः येऊन ट्यूब ओढून पाहिली.

अहवालात त्या तासाचं कौतुक आलं. फिजिक्स विभागाच्या नवोन्मेषी अध्यापनाचं, विभागप्रमुख म्हणून जावईबापूंचं. आणि पालकांच्या सहभागाचं, ठळक अक्षरात. प्राचार्यांनी तो परिच्छेद मोठा करून फाटकाशी लावला. मी तो रोज वाचायचे. जूनमध्ये मॅडमनी अर्ज केला, आणि या वर्षी तासांची गरज नाही असं त्यांना फोनवर सांगण्यात आलं. फोन कारकुनाने केला.

दोन सत्रं जावईबापूंनी शिकवलं. मग बारावीच्या पालकांनी, खऱ्या पालकांनी, अध्यक्षांच्या घरी जाऊन आरडाओरडा केला. तेव्हा एका सकाळी प्राचार्य मला म्हणाले, "चला, धामणगावला जाऊन येऊ. तुम्ही सोबत असलात तर त्या दार तरी उघडतील."

मॅडमचं घर दोन खोल्यांचं. पुढच्या खोलीत त्यांचे मिस्टर शिलाईकाम करतात. शांत माणूस. त्यांनी मशीनवरचं कापड बाजूला सारून प्राचार्यांना खुर्ची दिली आणि चहा ठेवायला आत गेले. मॅडम दाराशी उभ्याच राहिल्या.

प्राचार्य बराच वेळ बोलले. पोरांचं नुकसान, संस्थेची अडचण, झालं गेलं विसरून जाणं. चहा आला.

"येते," मॅडम म्हणाल्या.

प्राचार्यांचा चेहरा उजळला.

"टाइमटेबलवर माहं नाव लिहा. फिजिक्स म्हणून. जे तास मी घेईन त्यायच्यापुढं. पगार वाढवू नका, कायम करू नका, काही मागत नाही. नाव लिहा."

"मॅडम, ते... मंजूर पदावर सर आहेत. वर्कलोड त्यांच्या नावानं दाखवावा लागतो. नियम आहे. नाव नाही लावता येत हो."

"मंग जा तुम्ही."

"जरा विचार—"

"जा म्हणलं ना."

प्राचार्य गेले. जाण्याआधी त्यांनी बशी तोंडाला लावून उरलेला चहा संपवला. मी त्यांच्या गाडीत बसले नाही. गाडीचा आवाज गल्लीतून जाईपर्यंत मॅडम दाराशी उभ्या होत्या, मग रिकाम्या कपाकडे बघून म्हणाल्या, "नाव लावाले नियम आडवा आला त्याले. पूर्ण कप चहा प्याले नाही आला."

मिस्टरांनी कप उचलायला हात पुढे केला. "राहू द्या," म्हणत मॅडमनी तो स्वतः घेतला, मोरीवर नेला आणि राखेने घासायला बसल्या. घासत राहिल्या. मी आणि मिस्टर एकमेकांकडे बघत होतो. पाण्याचा आवाज थांबला तेव्हा त्या पदराला हात पुसत बाहेर आल्या. डोळे लाल होते.

"तू नाही गेली त्याच्या गाडीत?"

"नाही."

"आता बस चारले हाय."

"थांबते."

"थांबून काय करशीन?" त्या माझ्यासमोर येऊन उभ्या राहिल्या. "मले पोरायनं सांगतलं. तू वर्गात अणू म्हणजे बारकी सूर्यमाला शिकवते म्हणे. मधात सूर्य, भोवती इलेक्ट्रॉन फिरून राह्यले."

"पुस्तकात चित्रच तसं आहे, मॅडम."

"पुस्तकात हाय म्हणून सांगशीन? इलेक्ट्रॉन फिरते? तू पाह्यला फिरताना? कोणं पाह्यला? बस खाली! खडू कुठं हाय वो, तुमचा तो कपड्यावरचा, आणा इकडं!"

मिस्टरांनी मशीनवरचा निळा खडू त्यांच्या हातात दिला, आणि आवाज चढणार हे ओळखून रस्त्याकडची खिडकी लावून घेतली.